विंगवरून बचावफळीत

मी फुटबॉल खेळायला लागले ती लेफ्ट विंगर म्हणून, म्हणजे डाव्या कडेने पुढे धावत हल्ला करणारी. पहिला व्यावसायिक करार झाला तोही विंगर म्हणूनच. आज मी सेंटर-बॅक, म्हणजे आपल्या गोलसमोर मधोमध खेळणारी बचावपटू आहे. मधल्या वर्षांत टप्प्याटप्प्याने कुणीतरी मला मागे सरकवत गेलं आणि दर वेळी खेळ जवळजवळ नव्याने शिकावा लागला. ते शिकणं लिहून ठेवावंसं वाटलं, कारण बचावपटू कशी घडते याबद्दल फार कमी वाचायला मिळतं. गोल कसा झाला हे सगळे रंगवून सांगतात. गोल होऊ न देणारीच्या डोक्यात त्या वेळी काय चाललेलं असतं, हे विचारायला फारसं कुणी येत नाही.

याचं मूळ माझ्या डाव्या पायात आहे. डाव्या पायाने सहज खेळणाऱ्या मुली कुठल्याही संघात मोजक्याच असतात. आमची लेफ्ट-बॅक, म्हणजे डाव्या कडेची बचावपटू, ऐन हंगामात जायबंदी झाली आणि डाव्या पायाने नीट क्रॉस, म्हणजे कडेवरून गोलसमोर पास, टाकू शकेल अशी दुसरी मीच होते. कोच मॅडमनी सराव संपल्यावर थांबवून घेतलं. म्हणाल्या, "पुढचे काही सामने तू मागे खेळ. पळायचं तेवढंच आहे, सुरुवात फक्त मागून करायची." मला वाईट वाटलं. विंगर म्हणून वाढलेल्या मुलीला बॅकला जा म्हणणं म्हणजे तिच्याकडून गोल काढून घेणं. पण संघाला गरज होती आणि मला खेळायचं होतं. त्या काही सामन्यांचा पुढे अख्खा हंगाम झाला.

त्या दिवसांत मी अशी वाट आधी कोण चालून गेलंय ते शोधत असे. ब्रँडी चॅस्टेन १९९१ च्या पहिल्या महिला विश्वचषकात अमेरिकेच्या संघात होती ती आघाडीची खेळाडू म्हणून. नंतर ती संघाबाहेर गेली आणि १९९६ च्या ऑलिंपिकला परतली ती बचावपटू होऊन. क्रिस्टल डनने २०१५ मध्ये अमेरिकेच्या लीगमध्ये सर्वाधिक गोल केले, त्या हंगामाची सर्वोत्तम खेळाडूही तीच ठरली. आणि २०१९ चा विश्वचषक तिने जिंकला तो लेफ्ट-बॅक खेळून. लीगमधल्या सगळ्यात जास्त गोल करणाऱ्या मुलीला जर मागे जाऊन विश्वविजेती होता येतं, तर मी कशाला हिरमुसायचं, असं मी स्वतःला बजावत होते.

शिकायची सुरुवात पायांपासून झाली. विंगरचं तोंड कायम समोरच्या गोलकडे असतं. बॅकला अर्धा सामना उलट्या पावलांनी, तिरकं सरकत, अंग कधी इकडे कधी तिकडे फिरवत काढावा लागतो. सुरुवातीला मी चेंडू असलेल्या मुलीसमोर दोन्ही पावलं समांतर ठेवून उभी राहायची. सगळ्याच नवख्या मुली तशाच उभ्या राहतात. असं उभं राहिलं की चेंडू दोन पायांमधून जातो, आणि तो बाजूने गेला तरी वळायला एक पाऊल जास्त लागतं. ते एक पाऊल म्हणजे विंगरला मिळालेली मोकळी वाट. मग रोज तेच घोटून घेतलं: एक पाय पुढे, एक मागे, गुडघे वाकलेले, भार पावलांच्या पुढच्या भागावर, अंग तिरकं. तिच्यापर्यंत जाताना आधी जोरात धावायचं आणि शेवटचे दोन-तीन मीटर उरले की छोटी छोटी पावलं टाकत वेग कमी करायचा. तसंच वेगात जाऊन भिडलं तर तिने नुसता चेंडू ढकलला तरी आपण पुढे निघून जातो.

याला आम्ही सरावात 'जॉकी करणं' म्हणतो. मराठीत मी त्याला थोपवणं म्हणेन. बाहेरून बघणाऱ्याला वाटतं की बचावपटूने जाऊन चेंडू हिसकावला पाहिजे. प्रेक्षकांतून ओरडही तशीच येते, "जा ना, घे ना!" पण मी थोपवते तेव्हा आमच्या मिडफिल्डच्या मुली परत येत असतात. दोन-तीन सेकंद तिला अडवून धरलं तरी एकीला एक असलेला सामना दोघींविरुद्ध एक असा होतो. तेवढ्यात तिचे पर्याय एकेक करून मिटवायचे. आत वळायची वाट अंगाने बंद केली, क्रॉसची वाट अंतर कमी करून बंद केली, मागे पास द्यायची वाट आमच्या विंगरने बंद केली, की तिच्याकडे टचलाइनकडे, म्हणजे मैदानाच्या कडेच्या रेषेकडे, जाण्यावाचून काही उरत नाही. आणि टचलाइन दमत नाही, फसतही नाही. चेंडू काढून घ्यायची वेळ त्यानंतर येते: तिचा एखादा स्पर्श लांब गेला, चेंडू बघायला मान खाली गेली, किंवा पाठमोरी असताना पास मिळाला, तर तो क्षण. घसरून केलेला टॅकल, म्हणजे पायाने चेंडू हिसकावणं, दिसायला फार छान दिसतो. पण जमिनीवर पडलेली बचावपटू उठेपर्यंत खेळात नसते, म्हणून तो अगदी शेवटची सोय म्हणून राखून ठेवायचा.

इथे माझं विंगरपण कामी आलं. कुठल्या गोष्टीचा विंगरला मनापासून वैताग येतो, हे मला आतून ठाऊक होतं. अंगावर धावून येणाऱ्या बॅकला चकवणं सोपं असतं. जी येतच नाही, हातभर-दीड हात अंतर राखून नुसती सोबत करते, खांद्याच्या हुलकावणीला भुलत नाही, नजर चेंडूवरून हलवत नाही, तिच्यासमोर काय करावं ते सुचत नाही. मी तशी बॅक व्हायचं ठरवलं.

अवघड गेलं ते चेंडू पलीकडच्या बाजूला असतानाचं काम. चेंडू उजवीकडे असला की लेफ्ट-बॅकने आत सरकून सेंटर-बॅकच्या जवळ यायचं असतं. अशा वेळी आपण जिला राखायचं ती समोरच्या संघाची विंगर पाठीमागे, नजरेआड जाते. चेंडूकडे बघावं तर ती निसटते, तिच्याकडे बघावं तर चेंडू येतो. म्हणून अंग असं उघडं ठेवायचं की दोन्ही एकाच नजरेत मावतील, आणि दर काही क्षणांनी मान वळवून मागे बघून घ्यायचं. दूरच्या खांबापाशी होणाऱ्या कित्येक गोलांचं कारण ही न वळलेली मान असते. हे वाचून किंवा सांगून येत नाही. मान आपसूक वळायला लागेपर्यंत मला बरेच महिने गेले.

लेफ्ट-बॅक म्हणून मी रुळले, ओव्हरलॅप करून, म्हणजे आपल्याच विंगरच्या बाहेरून पळत पुढे जाऊन क्रॉस टाकण्यातला जुना आनंदही परत मिळाला, आणि त्याच सुमारास गुडघा गेला.

समोरच्या बॅकवर प्रेस करायला, म्हणजे तिच्यावर दाब आणायला, मी धावले. तिने चेंडू आत वळवला, मी दिशा बदलायला डावा पाय रोवला. कुणाचा धक्का नाही, टॅकल नाही. पाय जागच्या जागी राहिला आणि अंग वळलं. आतून 'कट्' असा आवाज आला. मैदानाबाहेर डॉक्टरांनी गुडघा किंचित वाकवून नडगी पुढे ओढून पाहिली. निरोगी गुडघ्यात ती ठराविक जागी अडते. माझी अडली नाही. एमआरआयने नंतर शिक्कामोर्तब केलं: गुडघ्याच्या आत हाडांना बांधून ठेवणारा पुढचा क्रुसिएट लिगामेंट, म्हणजे एसीएल, पूर्ण तुटला होता.

महिला फुटबॉलमध्ये ही दुखापत इतकी सर्रास आहे की ड्रेसिंग रूममध्ये नुसतं 'एसीएल' म्हटलं की सगळ्या गप्प होतात. पुरुषांच्या तुलनेत आपल्याला हा धोका दुपटी-तिपटीहून कमी नाही. २०२३ च्या विश्वचषकाआधी एकट्या आर्सेनल क्लबच्या बेथ मीड, व्हिव्हियाने मीडेमा आणि लीआ विल्यमसन या तिघींचे गुडघे काही महिन्यांत गेले. विल्यमसन तर इंग्लंडची कर्णधार आणि बचावपटू. कारण एकच सापडलेलं नाही. कमरेची आणि मांडीची ठेवण, स्नायूंची ताकद, हार्मोन्स ही शरीराकडची कारणं सांगितली जातात. पण पुरुषांच्या पायावर बेतलेले बूट, खराब मैदानं, सामन्यांची गर्दी, लहानपणापासून नीट ताकदीचा सराव न मिळणं यांच्याकडेही बोट दाखवायलाच हवं. वर्षानुवर्षं हे 'बायकांच्या शरीराचं' म्हणून सोडून दिलं गेलं याचा मला राग आहे. २०२४ मध्ये खेळाडूंची जागतिक संघटना फिफप्रो आणि इतरांनी मिळून 'प्रोजेक्ट एसीएल' सुरू केला. त्यात खेळाडू कुठल्या सोयींमध्ये खेळतात हेही तपासलं जातं. हे पाऊल फार आधी पडायला हवं होतं.

शस्त्रक्रियेत माझ्याच मांडीमागचे स्नायुबंध काढून, हाडात बोगदे पाडून त्यातून नवा लिगामेंट ओवला. त्यानंतरचं पहिलं काम अगदी साधं वाटेल असं होतं: गुडघा पूर्ण सरळ करणं आणि मांडीचा पुढचा स्नायू जागा करणं. तो स्नायू शस्त्रक्रियेनंतर झोपल्यासारखा होतो. मी मनात हुकूम सोडते आहे आणि मांडी ढिम्म हलत नाही, हा अनुभव घाबरवून टाकणारा होता.

पुढचं सगळं सविस्तर सांगत नाही. सायकल, स्क्वॉट, सरळ रेषेत पळणं, उड्या, वळणं, असा तो क्रम ठरलेला असतो. एक गोष्ट मात्र प्रत्येक खेळाडूने आणि तिच्या घरच्यांनी लक्षात ठेवावी अशी आहे. बसवलेला स्नायुबंध पहिल्या काही महिन्यांत आधी कमजोर होतो, मग शरीर त्याला हळूहळू लिगामेंटसारखं घडवतं. नेमक्या याच काळात गुडघा बरा वाटायला लागतो, सूज गेलेली असते, चालणं-पळणं जमत असतं. घाई होते ती इथे. नऊ महिन्यांपर्यंत पुनरागमन जितकं लांबवलं तितका, दर महिन्यामागे, पुन्हा दुखापत होण्याचा धोका जवळजवळ निम्म्याने घटतो, असं एका गाजलेल्या अभ्यासात दिसलं होतं. माझ्या फिजिओने तारखेवर कधी चर्चाच केली नाही. एका पायावरच्या उडीत आणि मांडीच्या ताकदीत जायबंदी पाय चांगल्या पायाच्या निदान ९० टक्के आला पाहिजे, आणि नऊ महिने झाले पाहिजेत. दोन्ही. बचावपटू म्हणून माझी सगळ्यात शेवटी परत आलेली हालचाल होती उलट्या पावलांनी पळता पळता डावीकडे वळून वेग घेण्याची. सरळ पळण्यात काही महिने आधीच मी पूर्वीच्या वेळेजवळ पोहोचले होते. हे वळण मात्र गुडघ्याआधी मनाने मान्य करावं लागलं.

त्या काळात संघाच्या व्हिडिओ विश्लेषकाने मला काम दिलं. म्हणाला, "सामना बघताना चेंडूकडे बघायचं नाही. फक्त मागच्या चौघींकडे बघायचं." आधी हे जमेना, डोळे चेंडूमागे जातातच. पण सवय झाल्यावर मला वेगळाच खेळ दिसायला लागला. चौघींमधलं अंतर, एक पुढे गेली की मागे राहिलेल्या तिघींनी ती जागा कशी भरायची, सगळी ओळ कधी पाच पावलं वर येते, कधी खाली उतरते. मी ते लिहून काढायची आणि त्याला दाखवायची. मैदानात परतल्यावर कोच मॅडमनी सेंटर-बॅकचा विषय काढला तेव्हा तो मला अनपेक्षित नव्हता. पहिल्या पाच मीटरचा माझा जुना झपाटा तसाच राहिला नव्हता, आणि डाव्या पायाची सेंटर-बॅक मिळणं लेफ्ट-बॅकपेक्षाही दुर्मीळ. त्यांचा हिशेब मला पटला.

सेंटर-बॅक म्हणून माझी जोडीदार संघातली सगळ्यात ज्येष्ठ खेळाडू होती. तिला आम्ही सगळ्या ताई म्हणायचो. पहिल्या सरावानंतर ती मला म्हणाली, "तू छान खेळतेस गं, पण मुकी आहेस." लेफ्ट-बॅकला बोलावं लागतं, पण थोडं. सेंटर-बॅकला नव्वद मिनिटं बोलत राहावं लागतं, कारण अख्खं मैदान तिच्या समोर असतं आणि पुढच्या मुलींच्या पाठीला डोळे नसतात. ताईने मला शब्द मोजके आणि ठरलेले ठेवायला लावले. 'वर', 'ड्रॉप' (मागे उतरा), 'होल्ड' (जागा सोडू नका), 'मॅन ऑन' (मागून कुणी अंगावर येतंय), 'टर्न' (वळायला जागा आहे), 'अवे' (चेंडू लांब मारा). प्रत्येक हाकेआधी नाव, कारण नाव नसेल तर ती हाक कुणीच आपली समजत नाही. आणि हाक लवकर द्यायची. "चेंडू तिच्याकडे पोहोचल्यावर सांगितलंस तर ते तिला दिसतंच आहे," असं ती म्हणे. मी स्वभावाने हळू बोलणारी. मैदानावरचा आवाज मला वेगळा कमवावा लागला; सरावात ताई मुद्दाम लांब उभी राहायची आणि ऐकू आलं नाही तर हलायचीच नाही.

ओळ वर न्यायची की खाली, याचा निर्णय एका प्रश्नावर ठरतो: चेंडू असलेल्या खेळाडूवर दाब आहे का? ती पाठमोरी असेल, किंवा आमची कुणी तिच्या अंगावर असेल, तर ती लांब पास टाकू शकत नाही. मग सगळ्यांनी वर यायचं. तिने मान वर केली, समोर मोकळी जागा आहे, पाय मागे गेला, तर पास सुटण्याआधीच खाली उतरायला लागायचं. तिने मागे पास दिला की पुन्हा वर. एका सामन्यात हे असंख्य वेळा होतं. आघाडीची खेळाडू ऑफसाइड, म्हणजे पास घ्यायला अपात्र, ठरते ती शेवटून दुसऱ्या प्रतिस्पर्ध्याच्या पुढे असली तर, आणि रेषेत बरोबरीला असली तर नाही. म्हणजे तिघी वर आल्या आणि चौथी मागे रेंगाळली तर तिघींची मेहनत वाया. म्हणून हाक एकीचीच, ताईची. ताई संघ सोडून गेल्यावर हाक द्यायचं काम माझ्याकडे आलं. थ्रो-इन, गोल किक आणि कॉर्नरवर ऑफसाइड नसतो, हे पाठ असूनही दमलेल्या मिनिटांत मुली विसरतात, त्यामुळे प्रत्येक लांब थ्रो-इनच्या वेळी मी ते ओरडून सांगते.

दोघी सेंटर-बॅकमधलं नातं हा या जागेचा गाभा आहे असं मला वाटतं. एक स्ट्रायकरला भिडायला गेली की दुसरीने तिच्या मागे तिरकं यायचं. दोघी एकदम गेल्या तर मागे फक्त गोलकीपर उरते. कोण जाणार हे त्या क्षणी विचारायला वेळ नसतो, ते आधीपासून माहीत असावं लागतं. ताईला हवेतल्या चेंडूवर जायला आवडायचं, मला जमिनीवरच्या. तिच्या खांद्याच्या वळण्यावरून ती जाणार की नाही हे मला कळायला लागलं. लेफ्ट-बॅक असताना मी एका विंगरचे पर्याय मिटवत होते. इथे तेच काम दहा जणींना हलवून करायचं होतं: मिडफिल्डरला दोन पावलं डावीकडे सरकवलं तर त्यांचा स्ट्रायकरकडे जाणारा पासच बंद होतो आणि मला टॅकल करायची वेळ येत नाही. ज्या सामन्यात माझे कपडे मळत नाहीत तो बहुतेक वेळा माझा चांगला सामना असतो.

माझ्या कारकिर्दीत नियमांनीही हे काम बदललं. २०१९ पर्यंत गोल किक पेनल्टी क्षेत्राबाहेर जाईपर्यंत खेळात येत नसे. तो नियम बदलल्यावर सेंटर-बॅक क्षेत्राच्या आतच, गोलच्या अगदी जवळ, पास घेऊ लागल्या. समोरचा संघ तिथपर्यंत प्रेस करायला येतो आणि त्यांच्यामागे मोठी जागा मोकळी होते. ती जागा गाठायची तर चेंडू घेतानाच पुढचा पास ठरलेला पाहिजे. डाव्या बाजूच्या सेंटर-बॅकने उजव्या पायाने चेंडू घेतला तर अंग आत वळतं आणि दाबाखाली सापडतं. डाव्या पायाने घेतला तर टचलाइनकडचा सगळा कोन उघडतो. माझ्या डाव्या पायाला पुन्हा भाव आला तो असा.

व्हिडिओ रेफ्रीने वेगळ्या सवयी लावल्या. महिला विश्वचषकात तो पहिल्यांदा २०१९ मध्ये आला. चेंडू हाताला लागून पेनल्टी जाऊ नये म्हणून क्रॉस अडवताना हात पाठीमागे बांधायची सवय लागली. पण हात मागे असले की तोल आणि वेग दोन्ही जातात, म्हणून मी चेंडू मारला जाण्याच्या अगदी आधीच ते मागे नेते. सहायक रेफ्री आता झेंडा उशिरा वर करतात, त्यामुळे उघड ऑफसाइड असलेल्या मुलीमागेही शेवटपर्यंत धावावंच लागतं. दमवणारं आहे, पण तक्रार करून उपयोग नाही.

आणि पेनल्टी क्षेत्रातला हिशेब. गोलची स्पष्ट संधी फाउल करून मोडली तर लाल कार्ड. २०१६ पासून पेनल्टी क्षेत्राच्या आत, चेंडूसाठी प्रामाणिक प्रयत्न करताना झालेल्या फाउलला पेनल्टी आणि पिवळं कार्ड मिळतं. जर्सी ओढली, ढकललं तर मात्र लालच. त्यामुळे मुलगी सुटली तर हात अजिबात वापरायचा नाही, तिच्या आणि गोलच्या मधल्या रेषेत धावायचं, तिला बाहेरच्या कोनात ढकलत न्यायचं आणि बाकी गोलकीपरवर सोडायचं, हे आमचं ठरलेलं असतं. कॉर्नरवर तर डोळ्यांची परीक्षाच. २०२३ च्या विश्वचषकात फ्रान्सच्या वेंडी रेनारने ब्राझीलविरुद्ध ८३ व्या मिनिटाला कॉर्नरवर हेडर मारून सामना जिंकला. १.८७ मीटर उंचीची, संपूर्ण जगाला ठाऊक असलेली खेळाडू दूरच्या खांबापाशी मोकळी सुटली. तो व्हिडिओ मी पुन्हा पुन्हा पाहिला आहे, कारण असं कुठल्याही संघाबरोबर होऊ शकतं. सगळ्या चेंडूकडे बघत असतात.

हेडर हा विषय मी तरुण मुलींशी गंभीरपणे बोलते. मानेचे स्नायू बळकट करणं सरावाचा भाग असलं पाहिजे, आणि डोक्याला मार बसल्यावर "मी ठीक आहे" म्हणणाऱ्या मुलीवर विश्वास ठेवायचा नाही. २०२४ पासून नियमपुस्तकात अशा खेळाडूसाठी वेगळ्या जादा बदलीची सोय झाली आहे. ती वापरायला लाजू नये.

गोल खाल्ल्यानंतरचं मिनिट कसं काढायचं, हेही शिकावं लागतं. इथे मला पुन्हा चॅस्टेन आठवते. १९९९ च्या विश्वचषकाच्या उपांत्यपूर्व सामन्यात जर्मनीविरुद्ध पाचव्याच मिनिटाला तिच्याकडून स्वयंगोल झाला. अमेरिकेचा दुसरा, बरोबरीचा गोल तिनेच केला. तिसरा, विजयाचा गोल जॉय फॉसेटने केला, तीही बचावपटूच. पुढे चीनविरुद्धच्या अंतिम सामन्यात निर्णायक पेनल्टी चॅस्टेनने मारली, आणि ती डाव्या पायाने, जो तिचा नेहमीचा पाय नव्हता. लोकांना ती पेनल्टी आठवते. मला पाचव्या मिनिटानंतरची तिची पंचाऐंशी मिनिटं जास्त मोलाची वाटतात. आमच्या संघात गोल झाला की गोलकीपर आणि दोघी सेंटर-बॅक एकत्र येतो आणि फक्त पुढच्या किक-ऑफला कोण कुठे उभं राहणार तेवढंच बोलतो. कुणाचं चुकलं ते दुसऱ्या दिवशी व्हिडिओसमोर.

बचावपटूची किंमत कशी करायची हा प्रश्न कराराच्या वेळी दर वेळी येतो. आमचे करार लहान मुदतीचे असतात, आणि गोल आणि असिस्टचे, म्हणजे गोलसाठी दिलेल्या पासचे, आकडे हातात नसले की बोलणी अवघड होतात. टॅकलची संख्या दाखवावी तर ती फसवी. जी नीट उभी राहते तिला टॅकल कमी करावे लागतात. मी आकड्यांऐवजी व्हिडिओ घेऊन जाते, आणि तिथे माझ्या हाकेनंतर ओळ कशी हलते ते दाखवते. बचावपटू बेकी सॉअरब्रन अमेरिकेकडून २१९ सामने खेळली आणि तिच्या नावावर एकही गोल नाही. तरी ती त्या पिढीतल्या श्रेष्ठ खेळाडूंमध्ये गणली जाते. इंग्लंडची बचावपटू लुसी ब्राँझ २०१९ मध्ये युरोपची सर्वोत्तम खेळाडू ठरली आणि २०२० मध्ये फिफाची. बॅलन डी'ऑर हा सर्वोत्तम खेळाडूचा पुरस्कार मात्र महिलांसाठी २०१८ ला सुरू झाल्यापासून २०२५ पर्यंत एकाही बचावपटूला मिळालेला नाही. म्हणून जानेवारी २०२५ मध्ये चेल्सी क्लबने अमेरिकेच्या नेओमी गिरमासाठी दहा लाख डॉलरहून जास्त रक्कम मोजली तेव्हा आमच्या ड्रेसिंग रूममध्ये मागच्या चौघींनी एकमेकींना मिठ्या मारल्या. महिला फुटबॉलमध्ये हा आकडा ओलांडणारी पहिली खेळाडू सेंटर-बॅक होती. त्या रकमेशी आमचा काही संबंध नव्हता, पण त्या आठवड्याचा सराव सगळ्यांनी फार मन लावून केला.

या हंगामात नव्या कोचनी तिघींची बचावफळी आणली आहे आणि मला तिघींच्या मधोमध ठेवलं आहे. म्हणजे मी आणखी थोडी मागे आले. इथे स्ट्रायकरला भिडायला जायचं काम बहुतेक वेळा बाजूच्या दोघींचं. मी मागे राहून दोघींच्या पाठीमागची जागा सांभाळते. टचलाइन, जी माझी जुनी सोबतीण, ती आता खूप लांब आहे, त्यामुळे चेंडू कुठे ढकलायचा याचा हिशेब बदलला. डाव्या पायाचा फायदाही कमी झाला. मधल्या जागेवरून दोन्ही पायांनी लांब पास टाकता यायला हवेत, म्हणून सरावानंतर मी उजव्या पायाने रोज तेच करते. पुढच्या सामन्यात समोर दोन स्ट्रायकर आहेत, एक खाली येऊन चेंडू घेणारी आणि एक पाठीमागे पळणारी. पहिली खाली आली की डावीकडच्या सेंटर-बॅकने तिच्यामागे किती लांबपर्यंत जायचं, यावर तिचं आणि माझं अजून एकमत झालेलं नाही. उद्या सकाळी विश्लेषकाच्या खोलीत बसून ते ठरवायचं आहे.